डब्यातील साक्षी

आमच्या मालेगाव तालुक्यात शिरपूर या गावी अंतरिक्ष पार्श्वनाथाचे प्राचीन मंदिर आहे आणि तेथील मूर्ती भूमीला न टेकता अधांतरी राहिली आहे, तिच्याखालून वस्त्र सरकवता येते, अशी जैन भाविकांची शतकानुशतकांची श्रद्धा आहे. पन्नासाहून अधिक वर्षांपूर्वी वडिलांचे बोट धरून मी तेथे गेलो, तेव्हा मूर्ती खरोखर टेकलेली आहे की नाही याची चौकशी करण्याचे धाडस त्या वयात झाले नाही. परंतु जो सर्व काही पाहतो त्याला जमिनीचा स्पर्श नसावा, किंबहुना स्पर्श सुटल्यावाचून खरे पाहणे घडतच नसावे, अशी काहीशी समजूत घेऊन मी घरी परतलो, आणि पुढे पोथ्यापुराणांतून व महाविद्यालयीन शिक्षणातून जे थोडेफार तत्त्वज्ञान कानांवर पडले त्याने ती समजूत अधिकच पक्की केली. आज उतारवयात एका चित्रकाराच्या कामाकडे पाहताना ती समजूत डळमळीत झाली आहे. जगाकडे यथार्थ पाहण्यासाठी जगापासून वर उचलले जाणे आवश्यक आहे काय, असा प्रश्न मला पडला आहे; आणि तो मला देवळात सुचला नाही, रेल्वेच्या डब्यात सुचला, हेही येथे नमूद केले पाहिजे.

आमच्या गावाची सरकारदप्तरी नोंदच 'जऊळका रेल्वे' अशी आहे. अकोल्याहून वाशीमकडे आणि तेथून हिंगोलीवरून पूर्णेकडे जाणाऱ्या लोहमार्गावर हे गाव वसलेले आहे. 2008 साली मार्गाचे रुंदीकरण झाले, त्यापूर्वी येथून मीटर गेजची लहान गाडी धावत असे. त्या गाडीच्या लाकडी बाकांवर बसून मी तरुणपणी किती वेळा अकोल्यास गेलो याची मोजदाद नाही. कोर्टकचेरीच्या तारखेला निघालेले शेतकरी, माहेराहून परतणाऱ्या लेकीबाळी, तुरीच्या शेंगांचे गाठोडे मांडीवर धरून बसलेल्या म्हाताऱ्या, परीक्षेचा अर्ज घडी करून खिशात ठेवलेली मुले, अशी शेकडो माणसे माझ्या गुडघ्याला गुडघा लावून बसली असतील. त्यांपैकी एकाही माणसाचा चेहरा आज माझ्या डोळ्यांपुढे उभा राहत नाही. मी त्या वेळी खिडकीबाहेर पाहत होतो, किंवा वाचत होतो, किंवा, सत्य सांगायचे तर, स्वतःविषयीच्या विचारांत गुंग होतो. जी माणसे माझ्या आयुष्यातून माझ्या देखत गेली त्यांच्यासंबंधी मला कोणी जबानी द्यावयास बोलाविले तर मी रिकाम्या हाताने उभा राहीन, ही गोष्ट मला आता सलते.

ज्या चित्रकाराने हे शल्य जागे केले ते सुधीर पटवर्धन. त्यांचा जन्म 1949 साली पुण्यास झाला. तेथील सशस्त्र दलांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून ते 1972 साली पदवी घेऊन बाहेर पडले, पुढल्या वर्षी मुंबईस आले, आणि 1975 पासून तब्बल तीस वर्षे त्यांनी ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून व्यवसाय केला. चित्रकलेचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नाही. दिवसा रुग्णांच्या फुप्फुसांच्या व हाडांच्या छाया तपासायच्या आणि उरलेल्या वेळात रस्त्यावरची, इराण्याच्या हॉटेलातली, पुलावरची, लोकलच्या डब्यातली माणसे रंगवायची, हा त्यांचा शिरस्ता 2005 पर्यंत चालला, आणि त्यानंतर त्यांनी दवाखाना सोडून सर्व वेळ चित्रांस दिला. 1977 चे 'इराणी रेस्टॉरंट', 1980 चे 'ट्रेन', 1981 चे 'ओव्हरब्रिज', 2001 चे 'लोअर परळ' ही नावे वाचली तरी कळते की ज्या जागांवरून माणूस नुसता पुढे जातो, जेथे थांबावे असे कोणास वाटत नाही, तेथेच हा चित्रकार मुक्काम ठोकून बसला आहे. त्यांची सुरुवातीच्या काळातील माणसे वजनदार आहेत. खांदे रुंद, हात जड, बसली तर बाक दबेल अशी. कारखान्यातून सुटलेला मनुष्य गर्दीचा एक कण म्हणून तेथे येत नाही, आपले सगळे वजन घेऊन येतो.

त्यांच्याविषयी रणजित होस्कोटे यांनी जो इंग्रजी ग्रंथ लिहिला त्याच्या शीर्षकात पटवर्धनांना, आपल्या भाषेत सांगायचे तर, 'सामील असलेला निरीक्षक' म्हटले आहे. पाहणारा आणि शिवाय सामील! आपल्या परंपरेत वाढलेल्या वाचकास येथे थबकल्याशिवाय राहवत नाही. सांख्यांनी पुरुषाचे वर्णन करताना त्याला साक्षी म्हटले, केवल म्हटले, मध्यस्थ म्हटले, द्रष्टा म्हटले आणि अकर्ता म्हटले. प्रकृती नर्तकीप्रमाणे आपले नृत्य दाखविते व निवृत्त होते, आणि पुरुष प्रेक्षागृहात बसून राहतो, त्याला नाचावयाचे नसते आणि नाचणारीच्या पायांतील वेदनाही त्याच्या पायांत उतरत नाही. विद्यारण्यांनी पंचदशीच्या नाटकदीप प्रकरणात याहून सुंदर कल्पना मांडली आहे. रंगशाळेतील दिवा यजमानाला, प्रेक्षकांना आणि नर्तकीला सारखाच प्रकाश देतो, आणि सर्व मंडळी उठून गेल्यावर रिकाम्या रंगशाळेतही तेवत राहतो. या कल्पनेचे उदात्तत्व मला मान्य आहे. दुःखाच्या प्रसंगी तिने मला आधारही दिलेला आहे. परंतु या दिव्याला कोणाविषयी काही वाटत नाही, ही त्याची थोरवी असली तरी तीच त्याची मर्यादाही होय, असे म्हणण्याचा धीर मला आता होतो आहे.

कारण 'साक्षी' हा शब्दच मुळात वेगळी हकिगत सांगतो. पाणिनीने त्याची सिद्धी 'साक्षात्' या अव्ययावरून केली आहे: ज्याने प्रत्यक्ष, डोळ्यांदेखत पाहिले तो साक्षी. म्हणजे साक्षी होण्याची पहिली अट तटस्थपणा ही नसून उपस्थिती ही आहे. आमच्या वऱ्हाडातल्या कचेऱ्यांतही हाच दंडक चालत आला. पंचनाम्यावर सही करणारा पंच जागेवर हजर असला पाहिजे. ऐकीव मजकुरावर दिलेली जबानी मुनसफ ग्राह्य धरीत नसे. साक्षीदाराने पक्षपाती असू नये ही अपेक्षा आहेच, पण तो गैरहजर असून कसे चालेल? जो घटनेच्या वर, अंतराळात होता, त्याला कोणत्या न्यायालयाने शपथ दिली आहे?

मुंडकोपनिषदातील दोन पक्ष्यांचा दृष्टांत मी अनेकदा ऐकला होता. एक पक्षी फळ खातो, दुसरा न खाता नुसता पाहतो. प्रवचनकार या दुसऱ्या पक्ष्याची निर्लेपता वर्णन करून पुढे जातात. पण उपनिषदाने त्या दोघांना सखे म्हटले आहे, आणि दोघांनाही एकाच वृक्षावर बसविले आहे, याकडे माझे लक्ष फार उशिरा गेले. पाहणारा पक्षी आकाशातून घिरट्या घालीत पाहत नाही. ज्या फांदीवर दुसरा फळे खातो, त्याच झाडाच्या फांदीवर याचेही पाय आहेत. वारा सुटला तर दोघेही हलणार. आणि पुढल्याच मंत्रात जे येते ते तर मला या संपूर्ण प्रश्नाची किल्ली वाटते. मोहात बुडालेला, शोक करणारा पक्षी जेव्हा त्या दुसऱ्याला पाहतो तेव्हा तो शोकमुक्त होतो. आचार्यांनी त्याचा जो अर्थ लावला आहे तो माझ्याहून अधिकारी माणसांनी सांगावा. परंतु आपल्याकडे कोणीतरी सख्यभावाने पाहत आहे ही जाणीव होणे, हाही दुःखातून सुटण्याचा एक मार्ग आहे, असे त्यात मला दिसते.

हे वृक्षाचे रूपक डोळ्यांपुढे ठेवून मुंबईच्या लोकलचा डबा पाहावा. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून पहिली गाडी ठाण्यास गेली, तेव्हा चौदा डब्यांतून सुमारे चारशे पाहुणे बसले होते. त्या पहिल्या चारशे जणांचा प्रवास हा समारंभ होता. पटवर्धनांनी ज्या ठाण्यात आयुष्य घालविले त्या ठाण्याहून सकाळी निघणाऱ्या गाडीत आज गर्दीच्या वेळी एका चौरस मीटर जागेत चौदा ते सोळा माणसे उभी असतात, ही रेल्वे खात्याने स्वतः मान्य केलेली मोजणी आहे. मी काही वर्षांपूर्वी मुलाकडे गेलो असता या गाडीने प्रवास केला आणि माझे दोन्ही पाय जमिनीवर आहेत की नाहीत हे काही काळ मला कळेना. शिरपूरची आठवण मला त्या क्षणी झाली. अधांतरी राहण्याचा एक प्रकार हाही होता, मात्र येथे स्पर्श सुटलेला नव्हता. स्पर्शावाचून तेथे दुसरे काही नव्हतेच. अनोळखी माणसाचा श्वास मानेवर, घामाने ओली झालेली त्याची बाही माझ्या गालावर, आणि कोणाच्या तरी जेवणाच्या डब्याची कडा बरगडीत. अशा स्थितीत कोणी द्रष्टा मध्यस्थ कसा राहील? आणि न राहिला तर त्याचे पाहणे खोटे ठरेल काय?

तीन माणसांच्या बाकावर तेथे चौथे माणूस अर्धे टेकते. 'फोर्थ सीट' असे त्या जागेला सगळे म्हणतात. नियमांच्या कोणत्याही पुस्तकात ही जागा नाही. ती बसलेल्या तिघांनी थोडे थोडे सरकून निर्माण केलेली असते. 1981 साली पटवर्धन, भूपेन खक्कर, गुलाममोहम्मद शेख, विवान सुंदरम, नलिनी मलानी आणि जोगेन चौधरी या सहा चित्रकारांनी मुंबईस व दिल्लीस जे प्रदर्शन भरविले, ज्याच्यासाठी गीता कपूर यांनी लेख लिहिला, त्याचे नाव 'प्लेस फॉर पीपल' असे होते. 'माणसांसाठी जागा' असे त्याचे भाषांतर करता येईल; मला मात्र त्यात लोकलच्या दारातून आत येणारी, दिवसातून लक्षावधी वेळा उच्चारली जाणारी ती विनंती ऐकू येते: जरा सरकून घेता का? भारतीय चित्राच्या चौकटीत देवदेवता, राजेराण्या, निसर्ग आणि पुढे नुसते आकार व रंग सुखाने बसलेले असताना, कारखान्याच्या पाळीवरून परतणाऱ्या माणसासाठी त्यांना थोडे सरकावयास सांगणे, हे त्या सहाजणांनी केले.

याच डब्यांतून भजनी मंडळे आहेत. खिडकीच्या वर विठ्ठलाची तसबीर टांगून, टाळ वाजवीत, ही नोकरदार मंडळी कार्यालय येईपर्यंत अभंग गातात. दसऱ्याच्या सुमारास डब्याला तोरणे बांधून त्याची पूजा करतात. पंढरीच्या वाटेवर वारकरी एकमेकांच्या पायां पडतात, वय, जात, विद्वत्ता विचारीत नाहीत, हे सर्वांस ठाऊक आहे. भेटेल त्या प्राण्यास भगवंत मानावे, ही शिकवण ज्ञानदेवांपासून आमच्या घरांत आहे. परंतु येथे एक शंका मी स्वतःस विचारल्यावाचून राहत नाही. समोरच्यात देव आहे असे म्हणून मी नमस्कार केला खरा, पण त्या माणसाचे नाक कसे होते, त्याची चप्पल कोठे तुटली होती, तो कशाने थकला होता, हे मी पाहिले काय? सर्वांभूती एकच तत्त्व पाहण्याच्या नादात सर्व भूतेच नजरेआड झाली, असे तर घडले नाही? माझ्या हातून घडले, एवढे मी सांगू शकतो.

येथे पटवर्धनांच्या दुहेरी व्यवसायाचा विचार मला फार मोलाचा वाटतो. हा अर्थ माझा आहे, त्यांच्या माथी मी तो मारीत नाही. क्ष-किरणाच्या काचेवर सर्व माणसे जवळजवळ एकरूप होतात. श्रीमंताची बरगडी आणि हमालाची बरगडी यांत फारसा भेद नसतो. कातडी, कपडे, जात, हुद्दा, चेहरा हे सारे तो किरण भेदून जातो. अद्वैताचा याहून सोपा दाखला शोधून सापडणार नाही. तीस वर्षे रोज हा दाखला हाताळणाऱ्या माणसाने संध्याकाळी घरी येऊन काय करावे? त्याने प्रत्येक सांगाड्यास त्याचे मांस, त्याचा सदरा, त्याचे टक्कल, त्याची पिशवी परत करावी. सगळे आतून एक आहेत हे ज्याला पूर्ण ठाऊक आहे, तोच जर बाहेरचा प्रत्येक फरक इतक्या निष्ठेने नोंदवीत असेल, तर समदर्शनाचा अर्थ पुन्हा तपासला पाहिजे. भेद पुसून टाकणारी दृष्टी ही समदृष्टी, असे मी आजवर मानीत आलो. आता मला वाटते की भेदांसकट प्रत्येकाला सारखेच लक्ष देणारी, कोणासाठी अधिक रंग व कोणासाठी कमी असे न करणारी दृष्टी ही अधिक कठीण आणि अधिक धार्मिक आहे.

अर्थात शिरपूरच्या त्या अधांतरी मूर्तीला मी खोटे ठरवीत नाही. जैन दर्शनातील केवलज्ञानी पुरुष सर्व द्रव्ये व त्यांचे सर्व पर्याय एकाच वेळी जाणतो, आणि राग-द्वेष क्षीण झाल्यावाचून ते ज्ञान प्रकटत नाही, हा सिद्धांत खोल आहे. आसक्ती दृष्टीला मळविते, हे कोण नाकारील? ज्याच्यावर आपला राग आहे त्याचा चेहरा आपण धड पाहू शकत नाही, ज्याच्यावर लोभ आहे त्याचाही नाही. पण ती मुक्ताची दृष्टी आहे. जे अजून गाडीत आहेत, ज्यांचे स्थानक आलेले नाही, त्यांना पाहावयाचे असेल तर कसे पाहावे, याचे उत्तर मुक्ताकडून मिळत नाही, सहप्रवाशाकडूनच मिळते. ज्याने तेच तिकीट काढले आहे आणि ज्याच्या पायांवर तेच पाय पडत आहेत, त्याच्या साक्षीत एक प्रकारचा प्रामाणिकपणा असतो, जो उंचीवरून पाहणाऱ्याला साधत नाही.

फ्रान्समध्ये दोमिए नावाच्या चित्रकाराने 1862 ते 1864 च्या सुमारास आगगाडीचा तिसऱ्या वर्गाचा डबा रंगविला. मुलाला पाजणारी आई, टोपलीवर हात जुळवून बसलेली म्हातारी, तिच्या शेजारी झोपी गेलेला मुलगा. न्यूयॉर्कच्या संग्रहालयातील ते चित्र अपुरेच राहिलेले आहे. त्या म्हातारीला आमच्याकडचे लुगडे नेसविले तर ती अकोल्याच्या गाडीत शोभून दिसेल. पण एवढ्या दूर जाण्याचीही गरज नाही. आमचे वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. याच शाखेच्या हरिषेण राजाच्या काळात, पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात, त्याचा मंत्री वराहदेव याने अजिंठ्याचे सोळावे लेणे दान केले आणि हरिषेणाच्याच एका मांडलिकाने सतरावे कोरविले. सतराव्या लेण्याच्या ओसरीत भवचक्राच्या चित्राचा भग्न अवशेष आहे. दिव्यावदान या बौद्ध ग्रंथात कथा आहे की असे चक्र विहाराच्या दारातच काढावे आणि येणाऱ्याजाणाऱ्यांना त्याचा अर्थ समजावून सांगण्यासाठी एक भिक्षू तेथे नेमावा, असे बुद्धांनी सांगितले. या चक्रांच्या परंपरेत संसाराच्या बारा निदानांसाठी जी चित्रे येतात त्यांत मडके घडविणारा कुंभार आहे, आणि नावेतून पैलतीरी निघालेली माणसेही आहेत. नावेतील उतारू! नाम आणि रूप यांचे प्रतीक म्हणून त्यांना तेथे बसविले आहे. ज्याला एक नाव आहे आणि एक रूप आहे असा प्रत्येक जीव हा कोठून तरी कोठे तरी नेला जाणारा उतारू आहे, हे आमच्या मुलखातील राजांच्या आश्रयाने फुललेल्या त्या लेण्यांच्या चित्रपरंपरेला ठाऊक होते. निर्वाणाचा मार्ग दाखविणाऱ्या धर्माने आपल्या दारात कुंभार आणि नावाडी रंगवावेत, यात मला पटवर्धनांच्या 'ट्रेन'चे कूळ दिसते.

एक आक्षेप राहतो आणि तो टाळण्यासारखा नाही. ज्या माणसाला आपण रंगविले त्याची परवानगी कोणी घेतली? हल्ली डब्यात बसल्याबसल्या लोक एकमेकांचे चित्रण मोबाइलवर करतात, झोपलेल्याचे तोंड उघडे पडलेले असताना ते जगभर धाडतात आणि हसतात. त्याला मी साक्ष म्हणणार नाही. ती चोरी होय. दोहोंतील अंतर मला असे दिसते की चोर घेऊन निघून जातो आणि साक्षीदार घेतलेले परत आणून रुजू करतो. पटवर्धनांनी 2008-09 मध्ये समकालीन भारतीय चित्रकारांच्या कृतींचे एक फिरते प्रदर्शन संयोजित करून महाराष्ट्रातल्या शहरांतून नेले, ते मला याच दृष्टीने महत्त्वाचे वाटते. चित्रे मुंबई-दिल्लीच्या दालनांत अडकून न राहता ज्यांच्या मुलखातून ती माणसे मुंबईस गेली त्या मुलखांत यावीत. फळे खाणाऱ्या पक्ष्याला पाहणारा पक्षी दिसावा.

म्हणून जऊळका, मालेगाव, वाशीम या भागातील शाळांतून चित्रकला शिकविणाऱ्या गुरुजनांस माझी विनंती आहे. डोंगराआडून उगवणारा सूर्य आणि फुलदाणी हे विषय वर्षातून एका दिवसापुरते बाजूला ठेवावेत, मुलांच्या हाती वही व पेन्सिल देऊन त्यांना स्थानकाच्या फलाटावर किंवा एसटीच्या थांब्यावर न्यावे, आणि गाडीची वाट पाहत बसलेल्या माणसांच्या समोर उभे न करता त्यांच्या शेजारी, त्यांच्याच बाकावर बसवावे. ज्याचे चित्र काढावयाचे त्याला आधी विचारावे. आणि चित्र पुरे झाले, चांगले साधले किंवा बिघडले तरी, ते गुरुजींकडे गुणांसाठी नेण्यापूर्वी ज्याचे आहे त्याला दाखवावे.